छाट विडी आणि ‘मालक कोण?’ हा प्रश्न : गोंदियापासून जागतिक बाजारापर्यंत

डिसेंबर 1955. नागपुरातील एका विडी कारखान्यातील तीन कामगारांनी पंधरा दिवसांची रजा मागितली. व्यवस्थापकाने ती नाकारली. कामगार तरीही गैरहजर राहिले आणि त्या दिवसांचा पगार त्यांना मिळाला नाही. रक्कम किरकोळ होती. पण वेतन प्राधिकाऱ्यापुढे सुरू झालेले हे भांडण थेट सर्वोच्च न्यायालयात पोहोचले. कारण मालकपक्षाचा युक्तिवाद साधा आणि भेदक होता : विडी वळणारा माणूस हा कायद्याच्या अर्थाने ‘कामगार’च नाही, मग त्याला भरपगारी रजा कशी द्यायची?

या धाग्यात त्या युक्तिवादाचा इतिहास पाहायचा आहे. तो पूर्व विदर्भाचा इतिहास आहे, विशेषतः आजच्या गोंदिया जिल्ह्याचा. पण ढाक्यातील कापड कारखाना कोसळल्यावर पॅरिसच्या संसदेत जो वाद झाला, त्याचे मूळ कोडेही हेच होते. मालाच्या साखळीत मधली माणसे वाढत गेली की जबाबदारी नेमकी कोणाच्या दाराशी थांबते?

प्रथम भूगोल. गोंदिया हे मुळात रेल्वेने मोठे केलेले गाव. नागपूर ते राजनांदगाव हा छत्तीसगडचा लोहमार्ग 1880च्या दशकाच्या आरंभी या भागातून गेला. पुढे तो बंगाल-नागपूर रेल्वेकडे आला आणि कलकत्त्याशी जोडला गेला. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात गोंदियाहून नैनपूरमार्गे जबलपूरकडे अरुंदमापी फाटा निघाला. नंतर दक्षिणेला चांद्याकडे दुसरा. एका बाजूस बालाघाटचे जंगल, दुसऱ्या बाजूस नवेगाव-देवरीचे. दोन्हीकडे टेंभुर्णीची, म्हणजे तेंदूची झुडपे. तंबाखू गुजरातेतून रेल्वेने यायची, पान जंगलातून यायचे, आणि धानाचा हंगाम संपला की रिकामे हात गावोगावी असायचेच. या तीन गोष्टी जिथे एकत्र येतात तिथे विडीचा धंदा उभा राहतो. गुजराती व्यापारी घराण्यांनी जबलपूर-नागपूर-गोंदिया या पट्ट्यात तो उभा केला. गोंदियातील विडी उद्योजक मनोहरभाई पटेल यांनी 1958 मध्ये स्थापन केलेल्या गोंदिया शिक्षण संस्थेची महाविद्यालये आजही जिल्ह्यात सर्वत्र दिसतात. या गावाच्या सार्वजनिक जीवनावर विडीच्या पैशाची छाप किती खोल आहे, हे त्यावरून कळावे.

आता साखळी समजून घेऊ. तिच्याशिवाय पुढचे खटले कळणार नाहीत. कारखानदार तंबाखू, पान आणि दोरा सट्टेदाराला देतो. सट्टेदार म्हणजे मधला ठेकेदार. तो हा माल गावातील बायकांना वाटून देतो. त्या पान भिजवतात, कात्रीने मापात कापतात, मांडीवर सूप घेऊन दिवसभर विड्या वळतात. यालाच घरखाता पद्धत म्हणत. मजुरी हजार विड्यांमागे. संध्याकाळी किंवा ठरल्या दिवशी माल परत जातो, आणि तिथे तपासणी होते. आकाराने बसक्या, सैल, फाटलेल्या विड्या बाजूला काढल्या जातात. तीच ‘छाट’. छाटीची मजुरी मिळत नाही. पुष्कळ ठिकाणी छाट परतही मिळत नसे. ती मालकाकडेच राहायची. म्हणजे मजुरी न दिलेली विडी कुठे जायची, हे वाचकाने ताडावे.

1931च्या शाही श्रम आयोगाने विडीच्या लहान कोंदट कारखान्यांची नोंद घेतली होती, खिडक्या नसलेल्या खोल्यांची. पण आयोगाचे लक्ष जागेकडे होते. पुढे कायदा आला तो जागेपुरताच : 1948चा कारखाने अधिनियम. मालकांनी त्यावर शोधलेले उत्तर अगदी सरळ होते. जागाच काढून टाका. काम घरी पाठवा, मध्ये सट्टेदार ठेवा. कारखानाही नाही आणि कामगारही नाही.

राज्यकर्त्यांनाही या मजुराकडे कसे पाहावे हे उमगले नव्हते. मध्य प्रांत-वऱ्हाड सरकारने 1948 मध्येच एक विलक्षण कायदा केला : शेतीच्या हंगामात ठरावीक गावांत विडी वळण्यास बंदी. हेतू हा की धानाच्या रोवणीला मजूर मिळावेत. गोंदिया तेव्हा याच प्रांतात, भंडारा जिल्ह्यात होते. सागर जिल्ह्यातील काही गावांत 1950च्या पावसाळ्यासाठी अशी बंदी निघाली आणि चिंतामणराव विरुद्ध मध्य प्रदेश हा खटला उभा राहिला. सर्वोच्च न्यायालयाने कायदा रद्द केला. व्यवसायस्वातंत्र्यावरील ‘वाजवी निर्बंध’ म्हणजे काय, याची चर्चा आजही विधी महाविद्यालयांत याच निकालापासून सुरू होते. निकाल योग्यच होता, कारण बंदी सरसकट होती; शेतात काम करू न शकणारी म्हातारी माणसे, आजारी माणसेसुद्धा तिच्या कक्षेत येत. तरी एक गोष्ट नजरेतून सुटू नये. राज्यघटनेच्या पहिल्याच वर्षी विडी वळणाऱ्याला ‘व्यवसाय करण्याचे स्वातंत्र्य’ मिळाले. ‘कामगार’ म्हणून ओळख मिळायला मात्र आणखी बराच काळ जायचा होता.

ती ओळख मिळण्याचा प्रवास सरळ नव्हता. 1958 मध्ये सागरच्याच एका विडी कारखान्याच्या खटल्यात, याही खटल्याचे नाव चिंतामणराव विरुद्ध मध्य प्रदेश असेच आहे, न्यायालयाने सांगितले की सट्टेदार हे स्वतंत्र ठेकेदार आहेत, कारखान्याचे कामगार नव्हेत. मालकपक्षाला हवे होते ते हेच. मग 1960च्या अखेरीस सुरुवातीला सांगितलेल्या नागपूरच्या प्रकरणाचा, बिरधीचंद शर्मा खटल्याचा, निकाल आला. त्या कामगारांना कारखान्यातच बसून काम करावे लागे. केव्हाही उठून जाण्याची मुभा होती; पण दुपारनंतर आलेल्यास काम मिळत नसे. कोणी डोक्यावर उभे राहून देखरेख करत नव्हते. मग नियंत्रण कुठे आहे? न्यायालयाचे उत्तर मला या संपूर्ण इतिहासातील सर्वांत मोलाचे वाटते. विडी कशी वळायची हे रोज सांगत बसण्याची गरजच नसते. काम साधे आहे. दिवसाअखेरी माल तपासून प्रमाणाबाहेरची विडी नाकारण्याचा अधिकार मालकाकडे आहे, आणि तेवढी देखरेख पुरेशी आहे. तिघे कामगार ठरले. रजाही त्यांची ठरली.

कामगाराकडून मजुरी हिरावणारी छाट इथे त्याच्याच बाजूची साक्षीदार झाली.

पण आनंद फार टिकला नाही. वर्षही उलटले नव्हते. ऑक्टोबर 1961 मध्ये शंकर बालाजी वाजे विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात जवळपास तशाच परिस्थितीतील विडी कामगार बहुमताने ‘कामगार नाही’ ठरला. त्याला येण्या-जाण्याची सक्ती नव्हती, अमुक इतके काम करण्याचा करार नव्हता, हे बहुमताला निर्णायक वाटले. न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी भिन्न मत नोंदवले. दोन निकाल शेजारी ठेवून वाचले की फरक केसाएवढा दिसतो. दुपारी बारानंतर दार बंद होते की उघडे, यावर माणसाची रजा अवलंबून! इतिहासाच्या विद्यार्थ्याने कायद्याची टवाळी करू नये, पण हे वाचताना हसू आवरत नाही.

न्यायालयांतून निघेना ते संसदेने काढले. विडी व सिगार कामगार (सेवाशर्ती) अधिनियम, 1966. त्याची खरी करामत व्याख्यांत आहे. घरी बसून, दिलेल्या मालातून विडी वळणारी व्यक्ती ‘कर्मचारी’ ठरली. आणि सट्टेदारामागे उभ्या असलेल्या, ज्याच्यासाठी काम होते त्या माणसाला ‘मुख्य मालक’ असे नाव देऊन कायद्याने पुढे ओढले. छाटीवरून होणारे वाद मिटवण्याची तरतूद झाली. किती टक्क्यांपर्यंत माल नाकारता येईल यावर राज्यांच्या नियमांनी मर्यादा घातली. कारखानदार अर्थातच न्यायालयात गेले. 31 जानेवारी 1974 रोजी मंगलोर गणेश बीडी वर्क्स विरुद्ध भारत सरकार या निकालाने कायद्याची चौकट टिकवली. मधला ठेकेदार दाखवून मूळ मालकाला अंग काढून घेता येणार नाही, हे तत्त्व तिथे पक्के झाले. पुढे 1977 मध्ये विडी उद्योगाला भविष्यनिर्वाह निधी लागू झाला आणि 1985च्या पी. एम. पटेल अँड सन्स खटल्यात घरखात्यावरील कामगारही त्यात आले. तिथे आधार कोणता घेतला? पुन्हा तोच, माल नाकारण्याचा अधिकार. घर कामगाराचे, वेळ तिची, मांडी तिची. पण विडी चांगली की वाईट हे दुसरा कोणी ठरवतो. तो दुसरा म्हणजे मालक.

कायदा कागदावर जिंकला तेव्हा भांडवल नकाशावर सरकले. केरळ सरकारने 1966चा कायदा नेटाने लागू करायचे ठरवताच 1968 मध्ये गणेश बीडीने तेथील कामे बंद केली. सुमारे 12,000 माणसांचा रोजगार गेला. त्यांतूनच 1969 मध्ये कण्णूरला दिनेश बीडी ही कामगारांची सहकारी संस्था जन्मली. कामगार स्वतःच मालक झाले म्हणून ‘मालक कोण?’ हा प्रश्नच उरला नाही, असे हे दुर्मीळ उदाहरण.

विदर्भात असे काही घडले नाही, आणि त्याचे एक कारण नकाशातच सापडते. 1956 पर्यंत गोंदिया आणि बालाघाट एकाच राज्यात होते. राज्य पुनर्रचनेनंतर त्यांच्यामधून राज्याची सीमा गेली. किमान वेतन ठरवण्याचा अधिकार राज्यांकडे असल्याने त्या सीमेच्या दोन्ही बाजूंना हजार विड्यांचे दर वेगळे असू शकतात. आता विचार करा. ज्या उद्योगाला यंत्र लागत नाही, इमारत लागत नाही, फक्त पोत्यातली तंबाखू आणि पानांचे गठ्ठे लागतात, त्याला सीमा ओलांडायला किती वेळ लागेल? मजुरीवाढीची मागणी करणाऱ्या बाईला ‘मग काम पलीकडे देतो’ एवढे वाक्य पुरते. जागतिक बाजारात कारखाने स्वस्त मजुरीच्या शोधात देश बदलतात, याविषयी मोठमोठे ग्रंथ आहेत. आपल्याकडे तेवढ्यासाठी एखादी नदी ओलांडणे पुरे होते.

आता त्या मोठ्या बाजाराकडे वळू. 24 एप्रिल 2013 रोजी ढाक्याजवळील सावर येथे राणा प्लाझा ही इमारत कोसळली. 1,100हून अधिक माणसे मेली. त्या इमारतीतील कारखाने युरोप-अमेरिकेतील नामांकित ब्रँडसाठी कपडे शिवत होते. त्यांच्यापैकी कोणीही तेथील कामगारांना नोकरीवर ठेवलेले नव्हते. मध्ये पुरवठादार, त्यांच्याखाली उपठेकेदार. नाव बदला, ही सट्टेदारीच आहे. 2011 मध्ये संयुक्त राष्ट्रांनी व्यवसाय आणि मानवाधिकार यांविषयी मार्गदर्शक तत्त्वे स्वीकारली होती, पण ती ऐच्छिक होती. राणा प्लाझानंतर फ्रान्सने 2017 मध्ये ‘दक्षता कर्तव्या’चा कायदा करून मोठ्या कंपन्यांना त्यांच्या पुरवठादारांकडील धोक्यांची दखल घेणे बंधनकारक केले. जर्मनीचा तशा स्वरूपाचा कायदा 2023 पासून अमलात आला. या कायद्यांचा उल्लेख बहुधा नव्या युगाची सुरुवात म्हणून होतो. मला तसे म्हणवत नाही. पुरवठादारामागच्या मूळ लाभधारकाला हुडकून त्याला कायद्याने ‘मुख्य मालक’ म्हणणे भारतीय संसदेने 1966 मध्येच केले होते, आणि तेही काही पैशांच्या विडीसाठी. उलट त्या बाबतीत आपला कायदा अधिक रोखठोक होता. फ्रान्स दक्षतेचा आराखडा मागतो. 1966चा कायदा सरळ देणी मागत होता.

परदेशी बाजाराने विडीला थेट शिक्षा केल्याचेही उदाहरण आहे. वेठबिगार बालकांच्या श्रमाच्या आरोपावरून नोव्हेंबर 1999 मध्ये अमेरिकेच्या सीमाशुल्क विभागाने मंगलोर गणेश बीडी वर्क्सच्या विड्या बंदरावर अडवून ठेवण्याचा आदेश काढला. 1974च्या खटल्यात ज्या कंपनीचे नाव, तीच ही. अशा बंदीचा दबाव उपयोगी पडतो, हे मान्य. पण तिच्यात एक उणीव आहे : ती माल अडवते, विडी वळणाऱ्याचे थकलेले देणे मिळवून देत नाही. आणि भारतीय विडीचा बाजार मुख्यतः देशातच आहे. गोंदियाच्या विडीचे भवितव्य न्यूयॉर्कच्या बंदरावर ठरत नाही.

रास्त व्यापाराच्या चर्चेत आणखी एक अडचण प्रामाणिकपणे मांडली पाहिजे. कॉफी आणि कोको यांच्यासारखा विडीला ‘रास्त’ शिक्का मारता येईल का? वस्तूच जीव घेणारी आहे. ओढणाऱ्याचा आणि तंबाखूची धूळ श्वासात घेणाऱ्या वळणारीचाही. विडी कमी व्हावी हेच योग्य. पण ती कमी होत असताना वळणारीचे देणे बुडू नये, एवढे म्हणण्यात विसंगती नाही.

साखळीचे दुसरे टोक जंगलात आहे, आणि अलीकडची खरी उलथापालथ तिथे झाली. तेंदूपान तोडण्याचा हंगाम एप्रिल-मेचा. त्याआधी झुडपांची छाटणी होते, म्हणजे कोवळी, रुंद पाने फुटतात. पहाटेच जंगलात जायचे, ऊन चढण्याआधी परतायचे, दुपारभर घरातील सगळ्यांनी मिळून पुडके बांधायचे. महाराष्ट्रात एका पुडक्यात 70 पाने आणि 1,000 पुडक्यांची एक प्रमाण गोणी. एका गोणीला 70,000 पाने तोडून, मोजून, बांधावी लागतात. संध्याकाळी फळीवर, म्हणजे संकलनाच्या जागी, ठेकेदाराचा माणूस पुडके मोजून घेतो. त्यालाही नाकारण्याचा अधिकार असतो. पान डागाळलेले, लहान, पुडके कमी भरलेले. इथेही छाट आहेच.

मध्य प्रदेशाने 1964 मध्ये आणि महाराष्ट्राने 1969च्या वनोपज व्यापार विनियमन कायद्याने तेंदूचा व्यापार सरकारच्या ताब्यात घेतला. हेतू खासगी ठेकेदारांची लूट थांबवण्याचा होता. प्रत्यक्षात वनविभाग घटकांचे लिलाव करी, ठेकेदारच ते घेत, आणि जंगलात पिढ्यान्‌पिढ्या राहणारा गोंड वा हलबा माणूस आपल्याच गावाच्या शिवारात मजूर राही. पान कोणाचे, हा प्रश्न त्याला कोणी विचारलाच नाही.

तो विचारला 2006च्या वनहक्क कायद्याने. गौण वनोपजावर मालकी वनवासींची, असे त्यात स्पष्ट लिहिले गेले आणि तेंदूपान व बांबू यांची नावे घालून लिहिले गेले. शेजारच्या गडचिरोलीतील मेंढा (लेखा) गावाला 2009 मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला. बांबू विकण्यासाठी वाहतूक परवाना स्वतः देण्याचा अधिकार मिळवायला त्या गावाला 2011 पर्यंत झगडावे लागले. मग 2012 मध्ये नियम सुधारले आणि परवान्याचा अधिकार ग्रामसभांकडे आला. 2013च्या हंगामात गोंदिया आणि गडचिरोलीतील काही ग्रामसभांनी वनविभागाचा लिलाव बाजूला ठेवून आपले तेंदूपान आपण विकले. गोंदिया जिल्हा पाचव्या अनुसूचीच्या क्षेत्रात येत नाही. त्यामुळे गडचिरोलीतील गावांना असलेला पेसा कायद्याचा आधार देवरी वा सडक अर्जुनीच्या गावांना नव्हता. त्यांना सारे वनहक्क कायद्याच्या बळावरच करावे लागले. इतिहासलेखनात मेंढ्याचे नाव सतत येते आणि ते यायलाच हवे. पण गोंदियाच्या या गावांवर फारसे कोणी लिहिलेले नाही, हे खटकते.

ग्रामसभा विक्रेती झाल्यावर व्यवहाराची भाषा बदलते. पूर्वी तोडणाऱ्याला मजुरी आणि पुढे-मागे बोनस मिळे; आता तिच्या हिशेबात किंमत येते. निविदा काढायची, करारावर सह्या घ्यायच्या, आगाऊ रक्कम मागायची. अर्थात धोकेही अंगावर येतात. ठेकेदाराने उरलेले पैसे थकवले तर मागे सरकार उभे नसते. भाव पडला तर तो ग्रामसभेवरच पडतो. जुलै 2017 मध्ये वस्तू व सेवा कर आला तेव्हा विडीवर 28 टक्के आणि तेंदूपानावर 18 टक्के कर बसला. पानाचा ग्राहक शेवटी विडी कारखानदारच असल्याने तो भार भावात उतरवण्याची सोय खरेदीदाराकडे होती, विकणाऱ्याकडे नव्हती.

त्याच वर्षी आणखी एक गोष्ट शांतपणे घडली. 1976च्या कायद्याने विड्यांवर उपकर बसवला होता आणि त्यातून विडी कामगार कल्याण निधी चालत असे. दवाखाने, मुलांच्या शिष्यवृत्त्या, घरकुले. मालक कोण हे सिद्ध करता न आलेल्या बाईलासुद्धा त्यातून काहीतरी मिळे, कारण पैसा मालकाकडून नव्हे, मालावरून गोळा होई. नव्या कररचनेत तो उपकर गेला. माझ्या मते या शंभर वर्षांतील सर्वांत शहाणी युक्ती तीच होती. साखळीत कितीही सट्टेदार घुसवा, विडी बाजारात आली की उपकर लागणारच. अशी सोपी व्यवस्था ढाक्याच्या शर्टासाठी अजून कोणालाही सुचलेली दिसत नाही, आणि आपण ती कररचनेच्या सोयीसाठी सोडून दिली.

1966चा कायदाही आता स्वतंत्र राहिलेला नाही. 2020च्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कार्यस्थिती संहितेने त्याची जागा घेतली असून ती 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झाली आहे. विडीविषयीची काही कलमे संहितेत आली आहेत. घरखात्यावरील बाईच्या बाजूने 1960, 1974 आणि 1985च्या निकालांनी बांधलेला युक्तिवाद नव्या शब्दांत किती टिकतो, हे पुढील खटल्यांत दिसेल, खटले येतीलच.

तोवर एक काम वाचकांसाठी. गोंदिया, तिरोडा, आमगाव, भंडारा, कामठी, सिन्नर, सोलापूर : यांपैकी कुठे तुमचे घर असेल तर आजीच्या पेटीत विडी कामगाराचे ओळखपत्र किंवा मजुरीची वही सापडण्याची शक्यता बरीच आहे. त्यात विडी कोणासाठी वळली जात होती, याची नोंद कारखान्याच्या नावाने आहे की सट्टेदाराच्या, ते पाहा. वहीत छाटीचा रकाना असेल तर त्यातले आकडेही पाहा. आणि आजी बोलत असेल तर तिने सांगितलेले लिहून घ्या, साल आणि गावाच्या नावासह.